पेटीची जागा

माझ्या संशोधनावर पहिला विश्वास टाकला तो सांगली-पुणे एस.टी.च्या एका कंडक्टरनं. ढीगभर लेखांतून हवा तो लेख यंत्रानं शोधावा, असा माझा खटाटोप होता. प्रोग्राम भोकं पाडलेल्या कार्डांवर, आणि कॉम्प्युटर पुण्यात. कार्डांचा क्रम बिघडला की सगळं वाया, हे सांगितल्यापासून तो माझी कार्डांची पेटी स्वतःच्या जागेवर ठेवी. "पेटी बसू द्या, तुमी उभं ऱ्हावा," म्हणे, आणि स्वतःही उभाच राही. परतताना विचारी, "गावलं का?"

"नाही."

"गावंल की."

एकदा मी म्हणालो, "गावलं."

"मग आज तुमी बसा," म्हणत त्यानं पेटी उचलली, काखोटीला मारली आणि तिकिटांना भोकं पाडत पुढं गेला.