पडद्यावरची कुजकी फळी

बोर्गहिल्ड टाँडरबाई आमच्या बेटावर राहायला आल्या तेव्हा चाळिशीला टेकल्या होत्या. लग्न केलं नव्हतं. उन्हाळाभर किनाऱ्यावरच्या नावांची चित्रं काढायच्या आणि हिवाळ्यात नाटकं लिहायच्या.

१९११च्या फेब्रुवारीत कालांडमालकांची मासेमारीची नाव 'स्वाला' बुडाली. पाच माणसं गेली, त्यांत माझा भाऊ आइनार. मालक म्हणाले, वादळच तसं होतं. मी त्यांच्याकडेच मासे वाळवायच्या कामावर होते. गप्प राहिले.

मे महिन्यात बाईंनी त्यावर नाटक बसवलं. विधवेचं काम मला दिलं, नावेच्या मालक व्यापाऱ्याचं तारमास्तर एडविनला. मागचा पडदा त्यांनी जुन्या शिडावर स्वतः रंगवला: किनाऱ्यावर ओढलेली स्वाला, आणि तिच्या तळाशी एक काळी पडलेली फळी.

प्रयोग रविवारी दुपारी होता. आम्ही बाकं मांडत असताना मालक आले. पडद्यासमोर बराच वेळ उभे राहिले.

"ही फळी खोडा."

"जानेवारीत मी नावेसमोर बसून चित्र काढलं, तेव्हा ती अशीच होती," बाई म्हणाल्या.

"हे सभागृह माझ्या लाकडाचं आहे, ठाऊक आहे ना?"

"मग प्रयोग झाला की लाकूड काढून न्या. तोवर लोकांना बसू द्या."

मालक माझ्याकडे वळले. "योरुन, उद्या कामावर यायचंय ना?"

मी हातातलं बाक रांगेत सरकवलं.

तेवढ्यात एडविनची बायको निरोप घेऊन आली, त्यांना ताप आलाय.

"सकाळी चर्चमध्ये तर सगळ्यांच्या वर आवाज काढून गात होता," असं म्हणत बाईंनी व्यापाऱ्याचा कोट स्वतःच अंगात चढवला.

सभागृह गच्च भरलं. मालक पहिल्या रांगेत, गुडघ्यावर टोपी. दुसऱ्या अंकात मी विचारलं, "नाव समुद्रात न्यायजोगी होती का?"

बाई सावकाश म्हणाल्या, "नाव ठणठणीत होती."

मागून आवाज आला, "नव्हती."

नावा बांधणारा हिल्मार सुतार उभा होता. हातातली टोपी पिळत होता. "ती फळी बदला म्हणून मी मालकांना दोनदा सांगितलं. म्हणाले, हंगाम संपू दे. मग मीही गप्प बसलो."

"खाली बस, हिल्मार," मालक मान न वळवता म्हणाले.

हिल्मार बसला नाही. शेवटी मालकच उठले आणि दारापर्यंत चालत गेले. वाट द्यायला कुणी उभं राहिलं नाही, लोकांनी फक्त पाय आखडून घेतले.

दार लागलं. बाई हळूच म्हणाल्या, "योरुन, तुझं वाक्य."

मी ते कसंबसं म्हटलं. नाटक पुरं झालं.

सोमवारी माझं काम गेलं. नाव बुडाल्याची चौकशी झाली, कागदावर 'वादळ' एवढंच आलं. पण त्या वर्षापासून हिल्मारने तपासल्याशिवाय बेटावरचा एकही माणूस नावेत पाय ठेवीना.

सभागृह बाईंना पुन्हा मिळालं नाही. पुढची सात नाटकं त्यांनी नावांच्या शेडमध्ये केली. एडविन दरवेळी काम मागायला यायचा. बाई त्याला मुक्या माणसाचं काम द्यायच्या.

१९३४च्या मार्चमध्ये त्या न्यूमोनियाने गेल्या. शेवटचं नाटक अर्धंच राहिलं. कागद माझ्याकडे आहेत, पण दुसऱ्या अंकापुढचं, आजारपणात लिहिलेलं त्यांचं अक्षर मला लागत नाही.