अष्टमीची ओहोटी

आमच्या दिंडोरीकडं द्राक्षवाल्या घरातल्या बाईला दसऱ्याच्या आसपास मरायलाही सवड नसते. तेव्हा छाटणी असते. पेठ-सुरगाण्याकडून मजुरांची टोळी येऊन शेतात उतरते, त्यांचा चहा, त्यांचं पाणी, घरच्यांचे डबे. म्हणून माझ्या मोठ्या जावेनं त्याच दिवसांत कोकणात गाडी घेऊन जायचं काढलं, तेव्हा मी पोळी लाटता लाटता थांबले. म्हटलं, "ताई, डोकं ठिकाणावर हाय ना तुझं?"

मी तिला ताईच म्हणते. आता फक्त मनात म्हणते.

खूळ तिच्या लेकीनं घातलं होतं. ती नाशिकला कॉलेजात होती. तिनं सांगितलं, आपल्या विहिरीतून सुरुंग लावून जो काळा पाषाण काढतात ना, तो कधीकाळी जमिनीतून उकळत बाहेर आलेला रस आहे, आणि तोच दगड कोकणात थेट समुद्रापर्यंत गेलाय, तिथं लाटांनी कोरून कोरून त्याला भोकं पाडलीत. ताईनं ते ऐकलं आणि धरूनच बसली. मी म्हटलं, एवढं डिझेल जाळून शेवटी दगडच बघायचा ना, तो तर बांधावर पडलाय. तर म्हणाली, "बांधावरच्या दगडावर बसून तू कधी समुद्र बघितलास का गं?" मी तर कुठलाच समुद्र बघितला नव्हता.

गाडी तीच चालवणार होती. आधी ट्रॅक्टर शिकली होती, मग द्राक्षाचे क्रेट वाहायची पिकअप. गावातले बाप्ये पहिल्यांदा हसले, मग गप बसले. घोटीवरून कसारा घाट उतरायचा, अलिबाग, मुरूड, पुढं गाडीसकट बोटीत चढून खाडी पार करायची आणि हरिहरेश्वर. तिथं देवळामागून खडकांतून प्रदक्षिणेची वाट आहे, पण समुद्र मागं हटला तरच ती मोकळी होते. ताईनं तिथल्या खानावळवाल्या बाईला फोन लावला. बाई म्हणाली, अष्टमी-नवमीला या, दुपारच्या वक्ताला ओहोटी असते. पावसानंतर खडकावर शेवाळ राहतं असंही म्हणाली, म्हणून आम्ही पंचवटीत जाऊन सारखे बूट घेतले, रबरी तळाचे, निळे. साडीखाली बूट घालून दुकानात चालून दाखवलं तेव्हा दुकानदारसुद्धा हसला. आम्ही तर रिक्षात बसेपर्यंत हसत होतो.

आता छाटणीचं असं असतं. छाटलं, काडीवर फुटव्याची पेस्ट लावली, की डोळ्यांतून कोंब फुटेपर्यंत आठवडाभर बाग गप्प असते. तेवढीच काय ती उसंत. पण आमच्याकडं सासऱ्यांच्या वेळेपासून अर्धी बाग आधी आणि अर्धी मागून छाटायची पद्धत. पाऊस उलटला तर एक तरी हाती लागावी म्हणून. त्यामुळं एकीकडची उसंत सुरू व्हायची तेव्हा दुसरीकडं कात्री चालू असायची. आम्ही दोघींनी नवऱ्यांच्या मागं लागून लागून त्यांना तयार केलं: यंदा सगळी बाग एकदमच छाटा, म्हणजे अष्टमी मोकळी मिळेल. ते दोघं भाऊ हो-नाही करत तयार झाले. हौसच होती आमची, कशाला खोटं बोलू.

पेस्ट लावली त्याच संध्याकाळी पाऊस आला आणि सगळी धुवून गेली. पुन्हा सगळ्या बागेला हात लावेपर्यंत अष्टमी आमच्या डोक्यावरून निघून गेली. पौर्णिमेनंतर पुन्हा अष्टमी येते, तेव्हा बघू, असं ताई म्हणत होती. पण पुढं घड दिसायला लागले आणि परत पाऊस लागला, तो हटेचना. डावणी आली, बुरशीचा रोग. घड काळे पडून गळाले. अर्धी बाग मागं ठेवली असती तर ती तरी वाचली असती, हे गावातलं शेंबडं पोरगंसुद्धा सांगत होतं.

एक दिवस जेवताना माझा नवरा ताईकडं बघून म्हणाला, "समुद्र बघायला बाग बुडवली."

मी म्हटलं, "आम्ही दोघींनी ठरवलं होतं. मला बी बोला." त्यानं माझ्याकडं बघितलंच नाही. भाऊजी, ताईचे मालक, ताटावरून उठले. ताईनं ताटातला भात तसाच ठेवला, हात धुतले आणि आत गेली. त्या दोघा भावांच्या मनात आधीपासून काय काय साचलं होतं कोण जाणे, पुढचा हंगाम लागायच्या आत वाटणी झाली. बागेच्या मधोमध तार आली, घरात भिंत आली. विहीर तेवढी सामाईक राहिली.

ताईचं नि माझं भांडण झालंच नाही. झालं असतं तर आम्ही ते मिटवलं असतं. पहिल्यांदा नवऱ्यांच्या धाकानं बोलायचं थांबलं, मग लाज वाटायला लागली, आणि मग सवयच झाली. आता आम्ही फक्त पाण्याच्या पाळीपुरतं बोलतो.

इतक्या वर्षांनी यंदा तिच्या लेकीनं आणि जावयानं तिला हरिहरेश्वरला नेलं. पुतणीचं स्टेटस मला दिसतं, नंबर अजून आहे माझ्याकडं. काळ्या खडकावर ताई बसलीय, मागं पांढरा फेस, पायात निळे बूट. मी बोटांनी फोटो मोठा करून बघत बसले. दगड खरंच आपल्या विहिरीतलाच होता. त्याच्यावर तिच्या शेजारी मी असायला पाहिजे होते. मला इतकं रडू आलं की सून विचारायला लागली, कुणाकडं काही झालं का. कुणाला काय सांगू.

ती परत आली त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी विहिरीवर आली. उन्हानं नाक सोललं होतं. ते बूट घालूनच शेतात आली होती, चिखलात.

"मोटर बंद झाली का?" तिनं विचारलं.

"हां, होतीय आता."

ती उभी राहिली. ओहोटी सापडली का गं, एवढंच विचारायचं होतं मला. तोंडात आलं होतं. तिनं माझ्या पायांकडं बघितलं, मी अनवाणी होते. मग म्हणाली, "बरं," आणि तारेकडं चालायला लागली.

माझी अर्धी बाग भिजायची राहिली होती. मी मोटर तशीच चालू ठेवली, माझ्या बाजूचा कॉक बंद केला आणि तिच्या बाजूचा उघडला. तिनं मागं वळून बघितलं नाही.