मान डोलावणारे मास्तर

शिकागोजवळच्या शॉमबर्गच्या सुमेधा दात्यांचा टेप कापण्यात कुणी हात धरत नसे. शिकागोच्या एका टीव्ही स्टेशनात बातम्यांच्या टेपा कापायच्या आणि जोडायच्या, हे त्यांचं काम. माणसाचं बोलणं मधूनच कापलं की चित्र उडी मारतं. ती उडी झाकायला ऐकणाऱ्या कुणाचा तरी चेहरा तिथे घालायचा. सगळेच घालतात. सुमेधाताईंचं ठिगळ मात्र कुणाला दिसायचं नाही, आणि त्याचा त्यांना तोरा होता, खोटं कशाला बोला!

सत्त्याऐंशी साली कॅरन नावाची बातमीदार चीनहून टेपा घेऊन आली. तिकडे सुधारणांचं वारं होतं. गल्लीत खासगी दुकानं, घरात नवे टीव्ही. एक शिंपी तावातावाने सांगत होता, पक्षाचे साहेब हात ओले केल्याशिवाय परवानाच देत नाहीत. गडी थांबेचना. ताईंनी मधलं कापलं आणि शेजारच्या म्हाताऱ्या मास्तरांचा मान डोलावतानाचा तुकडा तिथे बसवला. मास्तरांना कुणीतरी चहा विचारला होता, त्याला ते हो म्हणत होते.

बातमी गाजली. त्यांच्या नवऱ्याने, राजीवने, घरच्या पार्टीत सगळ्यांना ती दाखवली. "बघा यार, हा कट हिचा! कुठे जोड दिसतोय?"

पुढच्या वर्षी कॅरन पुन्हा त्या गल्लीत जाऊन आली आणि थेट ताईंच्या खोलीत शिरली. चेहरा पांढराफटक.

"सुमेधा, त्या मास्तरांची नोकरी गेली. आपली बातमी तिथल्या पक्षाकडे पोचली."

"मास्तरांची? आणि शिंप्याचं काय?"

"त्याने माफी मागितली. त्याचं दुकान स्वतःचं. मास्तर सरकारी शाळेतले."

"म्हणजे चोर सोडून संन्याशाला सुळी! अगं, ते एक शब्द बोलले नव्हते. ती मान चहासाठी होती. त्यांनी सांगितलं नाही?"

"सांगितलं. मग भरसभेत त्यांना टेप दाखवली. पुन्हा पुन्हा."

"मग?"

"मग म्हणाले, टीव्हीवर दिसतंय म्हणजे मी डोलावलीच असेल. वय झालं, आठवत नाही. मी भेटले तर माझीच माफी मागायला लागले."

मूळ टेप पाठवू, म्हणून सुमेधाताई कपाटाकडे धावल्या. टेप होती, पण रीतीप्रमाणे केव्हाच पुसून तिच्यावर बेसबॉलची मॅच घेतली होती.

"मी लिहून देते, मीच घातला तो तुकडा," ताई म्हणाल्या.

"मी त्यांना सगळं सांगून आले, सुमेधा," कॅरन म्हणाली. "त्यांना ते पटलं नाही."