पगडीचं दुसरं टोक

घराबाहेर पडण्याआधी पाजी दोन्ही हात कानांवरून वर नेत आणि डोक्यावरची पगडी नीट बसली आहे ना, ते चाचपून बघत. डोक्यावर पगडी नसे. ती उतरून चाळीस वर्षं झाली होती, तरी हात आपले रोज वर जात. अशी सवयीची गुलाम माणसं तुम्हीही पाहिली असतील. आपल्याला हसू येतं, मग लाज वाटते आणि आपण उगाच मोबाइलमध्ये बघतो.

जर्मनीतल्या झिंडेलफिंगेनमध्ये आमचे दरवाजे समोरासमोर होते. एक आठवडा जिना त्यांनी झाडायचा, एक आठवडा आम्ही. इथे या पाळीला केरवोख म्हणतात, मराठी माणसाला शब्द वेगळा शिकवावा लागत नाही. काम मात्र शिकवावं लागतं. माझ्या आठवड्यातही बहुतेक वेळा झाडू पाजींच्याच हातात दिसे.

"पाजी, आज तो हमारी बारी थी!"

"हुकम है जी," ते म्हणत आणि पुढची पायरी झाडत.

हुकूम कुणाचा, ते कधी सांगत नसत. टॅक्सचं पत्र आलं, हुकम है जी. जिन्यात सायकल ठेवू नका अशी पाटी लागली, हुकम है जी. सगळं आयुष्य या माणसाने सावधान उभं राहून काढलं, असं मी बायकोला गमतीने म्हणत असे.

त्यांच्याकडे चपलांच्या कपाटावर एक फोटो होता. गणवेश, दाढी, भरगच्च पगडी. ते त्यांचे दादाजी. त्यांच्या घरात कुणी केस राखत नव्हतं. साधी शेतकरी माणसं. भरतीला गेले, तेव्हा गोरा साहेब म्हणाला, शिखांच्या पलटणीत केस आणि पगडी असलेलाच शीख लागतो, वाढवून ये. दादाजींनी केस वाढवले, शीख दीक्षेचं अमृत घेतलं, पगडी बांधली आणि पहिल्या महायुद्धात फ्रान्सच्या चिखलात लढायला आले. तिथे पकडले गेले. जर्मनीत कैदी म्हणून आणलं आणि इथेच छातीच्या आजाराने गेले. बर्लिनच्या पुढे एका जंगलात त्यांची शिळा आहे.

नातू तरुणपणी त्याच देशात पोट भरायला आला. कारखान्यातल्या मास्टरने फिरत्या लेथकडे बोट दाखवलं, मग त्यांच्या केसांकडे. त्याच दिवशी पाजींनी स्वतःच्या हाताने कात्री चालवली.

"दादाजी को गोरे ने कहा, रखो. मुझे गोरे ने कहा, काटो," एकदा चहा पिताना ते म्हणाले. "अपनी मर्जी से कब बांधी हमने?"

मी काहीतरी विनोद केला. काय केला ते आठवत नाही, बरंच आहे.

बायको गेल्यावर त्यांनी दीड वर्ष केसांना कात्री लावली नाही. नोव्हेंबरातल्या एका रविवारी इथे युद्धात मेलेल्यांची आठवण करतात. त्या रविवारी पगडी बांधून दादाजींच्या शिळेसमोर उभं राहायचं, हे त्यांनी ठरवलं. पाच मीटर निळं कापड आणलं. ते बांधण्याआधी दोघांनी दोन टोकं धरून ताणायचं आणि लांबीत घडी घालायची, साडीची घडी दोघी जणी घालतात तशी. मुलगा हॅम्बुर्गला.

"एक बाजू तुम पकड़ोगे? सुबह छह बजे. ये हुकम नहीं है जी. बिनती है."

"अरे पाजी, गेनाऊ, बिलकुल! ये भी कोई पूछने की बात है?"

शनिवारी नेकारसुल्मचे मित्र दिवाळीच्या फराळाला आले आणि गप्पा रंगल्या. रविवारी सहाला बेल वाजली. मी जागा झालो होतो. बायको म्हणाली, "अहो, पाजी असतील." मी म्हटलं, पाचच मिनिटं. बेल एकदाच वाजली. इथे रविवारी सकाळी दुसऱ्यांदा बेल वाजवत नाहीत, हे ते चाळीस वर्षांत शिकले होते. मी उठलो तेव्हा नऊ वाजले होते.

सोमवारी संध्याकाळी ते जिन्यात भेटले. डोक्यावर लोकरीची टोपी होती.

"पाजी, सॉरी, मैं..."

"कोई गल नहीं. दरवाजे के हैंडल को बांधी थी. दरवाजा पकड़ता है, पर साथ नहीं चलता." मग हसून म्हणाले, "दादाजी को बोल दिया, अगले साल."

जानेवारीत पाजी गेले. झोपेतच.

अंत्यविधीच्या दिवशी सकाळी बेल वाजली. या वेळी मी धावत गेलो. दारात त्यांचा मुलगा, हातात ते निळं कापड. तो जर्मनमध्येच बोलला.

"हे आज बाबांना बांधायचंय. गुरुद्वारातले ग्यानीजी दुपारी येतील, घडी घालून ठेवा म्हणाले. मला येत नाही. तुम्हाला येतं ना? त्या रविवारी दुसरं टोक तुम्ही धरलं होतंत. बाबांनी फोनवर सांगितलं. पगडी फार छान बसली म्हणाले."

पाजींनी आयुष्यात माझ्यासाठी जिने झाडले ते झाडलेच, वर हेही झाडून ठेवलं होतं. खरं सांगायला तेवढाच क्षण होता आणि तो मी जाऊ दिला. मी जर्मनमध्ये "या", म्हणजे हो, म्हटलं आणि एक टोक हातात घेतलं.

मुलगा दुसरं टोक धरून मागे मागे सरकत पाजींच्या दाराशी जाऊन टेकला. कापड मध्ये लोंबत होतं.

"अजून ताणू?" त्याने विचारलं.

मला माहीत नव्हतं. "ताण," मी म्हटलं, आणि दोन्ही हातांनी घट्ट धरून उभा राहिलो.