वाळूवर धरलेली साय

आमच्या विज्ञानाच्या गुरुजींनी शाळेत एक सवय लावली होती... आधी बघायचं, मग लिहायचं, आणि न दिसलेलं लिहायचंच नाही. त्यामुळे या सदरातले वाचकांचे अतर्क्य अनुभव मी आजवर करमणूक म्हणूनच वाचत आलो. मनातल्या मनात हसायचोही. आज स्वतः लिहायला बसलोय आणि लिहितानाही घशाशी येतंय. जेवत असाल तर नंतर वाचा.

मी बेंगळुरूला के. आर. पुरममध्ये राहतो, स्टेशनपासून चालत दहा मिनिटांवर, दुसऱ्या मजल्यावर. आमच्या घरात पदवी घेतलेला मी पहिलाच. मोबाईल गेम बनवणाऱ्या एका कंपनीत आहे. माझं काम म्हणजे गेममधलं एक काल्पनिक वाळवंट लिहून काढणं — तिथले वारे, खडक, जनावरं. उन्हाळ्याच्या सुरुवातीला आमची टीम लीड म्हणाली, "एक नैसर्गिक चमत्कार हवाय. एकदम रेअर. बघणारा शहारला पाहिजे."

मला लहानपणापासून दुधावरच्या सायीची किळस. ओठाला चिकटली की ओकारी येते. मी तीच साय वाळूला दिली. लिहिलं ते असं — तीन दिवस वारा पडून राहिला की या वाळवंटात वाळूवर साय धरते. पिवळट, जाड, कोमट. आंबलेलं दूध आणि जळके केस, असा तिचा वास. बोट खुपसलं तर भोक पडतं आणि बघता बघता भरून येतं. फुंकर मारली की सुरकुतते, मग सावकाश सपाट होते. कुठलंही जनावर तिच्यावर पाय ठेवत नाही.

सगळं इंग्रजीत, ऑफिसच्या लॅपटॉपवर. लीडने वाचून "छी!" केलं आणि पास केलं. घरी मी अवाक्षर काढलं नव्हतं.

पुढच्या आठवड्यात आई पहिल्यांदा माझ्याकडे आली. ती गावच्या शाळेत मुलांची खिचडी शिजवते. त्या चुलीवर माझं शिक्षण झालं, हे मी कुठेही अभिमानाने सांगतो. आमच्याकडे दूध यायचं ते चहापुरतं. साय साठवायची, विरजायची, लोणी काढून तूप कढवायचं, हे आईने फक्त दुसऱ्यांच्या घरी बघितलेलं. इथे रोजची दुधाची पिशवी बघून तिने ठरवलं, लेकाला एकदा तरी आपल्या हातचं तूप खाऊ घालायचं. फ्रिजमध्ये सायीसाठी स्टीलचा डबा ठेवला. मी तो उघडायचा प्रश्नच नव्हता.

रविवारी सकाळी अकराच्या सुमारास ती खुशीत म्हणाली, "हितल्या दुधाला साय लई धरती रं. चार दिसांत डबा भरला. चमच्यानं काढली तरी परत भरून येती बघ."

मी हसलो. "आई, फ्रिजमध्ये ठेवलेली साय कशी वाढेल?"

"तू शिकलेला. तूच सांग."

तिने डबा पुढे केला. मी झाकण काढलं... आधी वास आला. आंबलेलं दूध लगेच ओळखलं. जळके केस ओळखायला क्षणभर लागला. डबा बाहेरून गार होता. आत बोट लावलं तर कोमट. बोट आत गेलं आणि नखाखाली कचकच लागली — कोरडी वाळू. बोट काढलं, तर त्या भोकाच्या कडा ओठांसारख्या एकमेकींकडे सरकत आल्या आणि मिटल्या.

मी सिंकमध्ये ओकलो. आई पाठीवरून हात फिरवायला आली आणि मी ओरडलो, "हात धुतेस का तू? कशात हात घातलेलास?"

तिचा हात तिथेच थांबला.

"दोनशे पोरं ह्या हातचं खात्यात," एवढंच म्हणाली.

मग मला तिचे पाय दिसले. टाचांच्या भेगांवर तीच साय चोपडलेली होती. मी बादली आणून तिच्या टाचा अक्षरशः घासल्या. ती भिंतीकडे तोंड करून उभी राहिली.

डबा घेऊन मी खाली गेलो आणि मागच्या बाजूला कडुनिंबाच्या बुंध्याशी रिकामा केला. घरमालकीण सरोजाक्का कपडे वाळत घालत होत्या. त्यांचं मराठी घराणं कित्येक पिढ्यांपासून इथलंच, त्यामुळे बोलण्यात कानडी मिसळतं.

"काय रे अण्णा, स्वल्प लांब फेक की! काय मेलंय त्यात?"

"साय आहे, अक्का. खराब झाली."

त्यांचा कुत्रा कचऱ्यातलं काहीही खातो. तो धावत आला, कडेशी थबकला, पुढचा पाय उचलून तसाच धरला... आणि लांबून वळसा घालून गेला. अक्कांनी काठीने ढवळून बघितलं. "ही वाळू आहे की रे! साय म्हणालास?"

म्हणजे भास नव्हता. दूध अक्कांकडेही त्याच दुकानातून येतं, त्यांच्या सायीला काही नव्हतं. आईला इंग्रजी येत नाही, लॅपटॉप तिने उघडलेला नाही. वाळू कुठून तरी पडली म्हणावं, तर पडलेल्या वाळूतलं भोक ओठांसारखं मिटत नाही.

आई चार दिवस आधीच निघाली. स्टेशनवर मी माफी मागितली. पण वाळवंटातली साय लिहिलेल्या त्या फाइलबद्दल तिला काय सांगणार? गाडी हलताना म्हणाली, "तूप तेवढं ऱ्हायलं तुझं."

गेल्या आठवड्यात तिचाच व्हिडिओ कॉल आला. राग विसरली होती. "बघ, टाचा कशा झाल्यात! एक भेग नाही!" तिने हौसेने पाय कॅमेऱ्यासमोर धरला. टाच गुळगुळीत होती, जरा पिवळट. तिच्यावर पिठाचा कण होता, तो उडवायला तिने वाकून फुंकर मारली.

टाचेची कातडी घोट्यापर्यंत सुरकुतली. मग सावकाश सपाट झाली.

मी फोन कापला. नंतर परत फोन करून नेटवर्क गेलं म्हणालो. "दुखतंय का काही?" असंही विचारलं.

"काय दुखत न्हाई," ती म्हणाली. मग तिनेच विचारलं, "तुला माझी किळस येती व्हय रं?"

मी नाही म्हणालो. या सगळ्यामागचं कारण मला अजून सापडलेलं नाही, आणि तिच्या त्या पायाला पुन्हा हात लावायची हिंमतही झालेली नाही. पण गुरुजींनी शिकवलंय, दिसलं तेच लिहायचं... म्हणून इथे लिहितो. किळस आली होती.