पार्क फी, नागपूर

बोंडअळीनं आमचं अख्खं शिवार पोखरलं, त्या हिवाळ्यातली ही गोष्ट. मदतीचा अर्ज ऑनलाइन भरायचा होता आणि त्याला बाबांच्या खात्याचं सहा महिन्यांचं स्टेटमेंट जोडायचं होतं. मी तेव्हा यवतमाळला एका कनिष्ठ महाविद्यालयात विज्ञान शिकवत होतो. घरातला पहिला पदवीधर म्हणून असली कामं माझ्याकडे यायची, आणि खरं सांगायचं तर ती मला आवडायची. कागद वाचता येणारा मुलगा असण्यात एक मोठेपणा होता.

मधल्या सुट्टीत बँकेत गेलो आणि स्टेटमेंट उभ्याउभ्याच वाचलं. बियाणं, खत, कापसाच्या पहिल्या गाडीचे जमा झालेले पैसे, सगळ्या ओळी ओळखीच्या होत्या. एक सोडून. कार्डानं दोन हजार शंभर रुपये गेले होते आणि पुढे इंग्रजीत छापलं होतं, ‘पार्क फी, नागपूर’.

बाबा आयुष्यात दोनदा नागपूरला गेले होते, दोन्ही वेळा दवाखान्यात. पार्कात जाणारं आमच्या घरात कोणीच नव्हतं. काउंटरवरच्या मॅडम म्हणाल्या, व्यवहार तुमचा नसेल तर हा अर्ज भरा, खातेदाराची सही आणा, पण आधी घरी विचारून घ्या. त्यात विचारायचं काय, असं मी म्हणालो. बाबांना कार्ड वापरताच येत नव्हतं. मी तिथल्या तिथे कार्ड बंद करून घेतलं आणि अर्ज खिशात घालून शनिवारी गावी गेलो.

आमचं गाव केळापूरकडे. बाबा अंगणात पऱ्हाटीच्या, म्हणजे कापसाच्या वाळल्या झाडांच्या, काड्या बांधत बसले होते. मी विचारलं, कार्ड कोणाजवळ दिलं होतं का? त्यांनी माझ्या हातातल्या कागदाकडे पाहिलं, मग काड्यांकडे.

“चाचाजवळ देलतं एक दिवस. थे मशीन मले समजत नाही. ऐक तं...”

पुढचं ऐकायला मी थांबलो नाही. मोटरसायकल तशीच पांढरकवड्याकडे वळवली.

चाचा म्हणजे बाबांचे तरुणपणापासूनचे दोस्त. पांढरकवड्यात त्यांचं मोटरपंप दुरुस्तीचं दुकान होतं. मी अकरावीला गेलो तेव्हा होस्टेलचे पैसे नव्हते, म्हणून त्यांनी दुकानामागची खोली मला दिली. तिथे मी पाच वर्षं राहिलो, पदवी हातात पडेपर्यंत. वायंडिंगच्या व्हार्निशचा वास आजही आला की मला रसायनशास्त्राची पुस्तकं आठवतात. रोज्यांच्या महिन्यातही चाची माझ्यासाठी वेगळ्या भांड्यात वरण शिजवायची आणि ते भांडं दुसऱ्या कशाला वापरायची नाही. एवढ्या वर्षांत चाचांनी खोलीचं भाडं मागितलं नाही.

हे सगळं मला ठाऊक होतं, आणि तरी मी दुकानात शिरून, जळकी मोटर घेऊन आलेल्या दोन गिऱ्हाइकांसमोर, त्यांना विचारलं की बाबांच्या कार्डावरून पार्काचे पैसे कसे गेले. आवाज चढवला नाही. वर्गात कॉपी पकडल्यावर बोलतो तसा थंडपणे बोललो. ते जास्त वाईट होतं, हे नंतर कळलं.

चाचांनी हात चिंधीला पुसले. गिऱ्हाइकांपैकी एक जण उगाच बाहेर रस्त्याकडे पाहू लागला.

“किती लिवलं हाये?”

“दोन हजार शंभर.”

त्यांनी गल्ला उघडला, नोटा काढल्या आणि माझ्यासमोर धरल्या. “घे बेटा. मोजून घे.”

मी घेतल्या. मोजल्याही. आज लिहिताना हेच वाक्य मला सर्वांत जड जातं.

घरी आईनं ताट वाढलं होतं. नोटा पाहून बाबांनी विचारलं, हे कायचे पैसे. मी म्हणालो, चाचांनी परत दिले, त्यांनीच घेतले होते. बाबांनी माझं ताट बाजूला सरकवलं.

“त्यानं नाही घेतले. मी गेलतो.” मग म्हणाले, “पैसे वापस कर आदी. मंग जेव.”

पुढचं त्यांनी तुटक तुटक सांगितलं. मी चौथीत होतो तेव्हा आमचं जुनं गाव जंगलातून उठलं. आम्हाला इकडे जमीन मिळाली आणि तिकडचं शिवार अभयारण्यात गेलं. नव्या शेतात आम्ही कापूस पेरू लागलो. आमच्याकडे पहिल्या वेचणीआधी सीतादही करतात. फुटलेल्या बोंडांवर दहीभात शिंपडायचा, धुऱ्यावरच्या, म्हणजे बांधावरच्या, शेंदूर लावलेल्या दगडांना नैवेद्य दाखवायचा, मगच वेचणीला हात लावायचा. पण आमचे मूळचे पाच दगड जुन्या शेतातल्या मोहाच्या झाडाखालीच राहिले होते. बाबा दरवर्षी आधी तिथे जाऊन यायचे आणि मग घरचं सीतादही करायचे. एक जुना वनरक्षक त्यांना ओळखायचा. तो नाल्याच्या बाजूनं आत सोडायचा. तो रिटायर झाला आणि दोन वर्षं बाबांना जाता आलं नाही. दुसऱ्या वर्षी बोंडांत थोडी अळी दिसली. बाबांच्या मनानं घेतलं की नैवेद्य चुकल्यामुळेच हे झालं.

मग यंदा ते चाचांच्या स्कूटरवर मागे बसून अभयारण्याच्या फाटकावर गेले. पायी जाता येत नाही, असं तिथं कळलं. गाडी करावी लागते, सोबत गाइड लागतो, आणि पैसे कार्डानंच भरायचे. चाचांनी मशीनवर आकडे दाबले. स्वतः ते आत गेले नाहीत. जास्तीचं तिकीट कशाला, म्हणून तीन तास फाटकाबाहेर बसून राहिले. बाबा उघड्या जीपमध्ये एकटेच बसले, मांडीवर दहीभाताचा डबा घेऊन, वाघ पाहायला निघालेल्या पाहुण्यासारखे. मोहाजवळ गाइडनं जीप थांबवली, पण खाली उतरायला परवानगी नव्हती. शेताचं गवत झालं होतं आणि त्यात नीलगाय उभी होती. बाबांनी बसल्या जागेवरून दगडांच्या दिशेनं भात फेकला. अर्धा जीपच्या दारावरच पडला. गाइडनं फडकं दिलं.

“दगडायले भेटाले बी आता तिकीट लागते,” बाबा म्हणाले आणि जरा हसले. मला हसता आलं नाही. एवढं करूनही अळीनं यंदा काही ठेवलं नव्हतं, हे दोघांनाही दिसत होतं.

मला का नाही सांगितलं, असं मी विचारलं. उत्तर खरं तर माझ्याजवळच होतं. दोन वर्षांपूर्वी माझे काही सहकारी हुरडा खायला शेतात आले होते. बोंडांवर वाळलेला भात पाहून त्यांनी विचारलं, हे काय? मी सर्वांसमोर म्हणालो होतो, बाबा, दह्यानं अळी मरत नाही, फवारणीनं मरते. सगळे हसले होते. बाबाही हसले होते. यंदा फवारणीनंही मेली नाही.

त्याच संध्याकाळी नोटा घेऊन परत गेलो. चाचांनी त्या न मोजता गल्ल्यात टाकल्या. मी माफी मागितली.

“कायची माफी बेटा? तू शिकेल माणूस. कागदावर दिसलं थे इचारलं.”

“पण तुम्ही सांगायचं तरी, चाचा.”

“तुह्या बापाले जबान देलती. म्हने, पोराले सांगू नोको, थो हासते.”

त्यांनी चहा मागवला. मी तो प्यायलो. परत येताना एक प्रश्न सोबत आला, तो अजून गेलेला नाही. कार्ड माझ्या सख्ख्या मामाजवळ असतं, तर मी असा गिऱ्हाइकांसमोर जाब विचारला असता का? उत्तर मला माहीत आहे. ते मी आजवर कोणाला सांगितलं नव्हतं.

सोमवारी बँकेत जाऊन कार्ड पुन्हा मागितलं. नागपूर का छापलं, हेही विचारलं. मॅडम म्हणाल्या, मशीन ज्या कार्यालयाच्या नावावर असतं त्याचं शहर कागदावर येतं, मग मशीन जंगलाच्या फाटकावर का असेना. “म्हणून म्हटलं होतं सर, घरी विचारा.”

पुढच्या वर्षी वेचणीआधी तिकीट मीच काढलं, माझ्या कार्डावरून. आईनं भात कालवला. चाचांनाही चला म्हणालो, तिघांचे पैसे भरतो म्हणालो. त्यांना काम होतं.

त्याच हंगामात आमच्या विहिरीवरची मोटर जळली आणि मी ती त्यांच्याकडे नेली. चार दिवसांनी आणायला गेलो, तेव्हा त्यांनी मोटरसोबत एक कागद दिला. तांब्याची तार इतकी, बेअरिंग इतक्याचं, मजुरी इतकी, खाली सही आणि दुकानाचा शिक्का. आमच्यासाठी त्यांनी तोवर कधी बिल लिहिलं नव्हतं. बाबा वर्षाकाठी कापूस विकला की अंदाजानं काही देत आणि चाचा त्यातलं निम्मं परत करत. हे कशाला, असं मी विचारलं.

“असू दे बेटा,” ते म्हणाले. “कागद असलेला बरा.”

घरी बाबांनी विचारलं, काय लिहिलंय. मी वाचून दाखवलं, आकड्यांसकट.

“त्यानं लिवून देलं?” त्यांनी पुन्हा विचारलं. मी हो म्हणालो. त्यांनी तो कागद माझ्या हातातून घेतला, वाचता येत नसूनही बराच वेळ पाहिला आणि मग घडी करून मलाच परत दिला.