बिशप आंद्रू आणि उंबराचं पाणी

नाशिकहून बोरिवलीची एसटी पहाटे पकडली, ती एका फोनमुळे. फोन होता बिशप आंद्रू यांचा. माझं निम्मं आयुष्य त्यांच्या वसतिगृहाच्या शाळेत हेडमास्तरकी करण्यात गेलं, त्यामुळे त्यांचा आवाज मला झोपेतही ओळखू येतो. पण त्या दिवशी तो नेहमीचा नव्हता. "बहिणीच्या नातीचं लग्न आहे. या. एकट्यानं जायला धीर होत नाही," म्हणाले. दुष्काळी भागात चाळीस वर्षं सायकलनं आणि नंतर खटारा स्कूटरनं फिरलेल्या माणसाला स्वतःच्या गावी जायला धीर होत नव्हता, हे काही माझ्या डोक्यात शिरेना.

घोडबंदरच्या रस्त्यावर बस तासभर अडकली. बोरिवलीला उतरून रिक्षा केली. रिक्षावाल्यानं मला आरशातून न्याहाळलं आणि "काका, पगोडा देखने का?" असं विचारलं. लग्नाला चाललोय म्हटल्यावर त्याचा विश्वास बसला नसावा, कारण खाडी येईपर्यंत तो मला पलीकडच्या ध्यानाच्या पगोड्याची वेळ सांगत होता.

गोराईच्या खाडीवर ओल्या चिखलाचा आणि डिझेलचा मिसळलेला वास होता. दहा मिनिटांची बोट. एका बाजूला बोरिवलीचे टॉवर, दुसऱ्या बाजूला तिवरांची झाडं. बोटीत माझ्याशेजारी भाजीच्या रिकाम्या टोपल्या घेऊन एक बाई बसली होती. तिच्या गळ्यात मंगळसूत्र आणि त्यातच छोटा क्रूस ओवलेला. मी तिच्या गळ्याकडे जरा जास्तच पाहिलं असावं, कारण तिनं पदर सारखा केला. मी ओशाळून पाण्याकडे पाहू लागलो.

"देवळापाशी उभा राहतो," असं बिशपांनी सांगून ठेवलं होतं. पलीकडे उतरून एकाला देऊळ विचारलं, त्यानं सरळ पुढं असं बोट दाखवलं. पुढं मारुतीचं देऊळ लागलं. मी चपला काढल्या, नमस्कार केला आणि पायरीवर बसलो. तासभर बसलो. बिशपांचा पत्ता नाही. अखेर पुजाऱ्यालाच विचारलं, तर तो हसायला लागला. या गावातले ख्रिस्ती लोक चर्चला देऊळच म्हणतात, आणि ते देऊळ आणखी पुढं, चिंचेजवळ आहे, असं त्यानं समजावलं.

चिंचेखाली बिशप उभे होते. पांढरा झगा, पायात त्याच त्या शिवलेल्या चपला. आमच्याकडे असताना ते नेहमी चर्चच म्हणायचे. आपल्या गावात पाय पडताच जीभ मागं गेली होती, आणि ती गेल्याचं त्यांना कळलंही नव्हतं. मी मारुतीजवळ बसलो होतो हे ऐकून ते पोट धरून हसले. ते हसले म्हणून मला बरं वाटलं, कारण त्याआधी त्यांचा चेहरा परीक्षेला बसलेल्या पोरासारखा होता.

वाटेत ते गाव दाखवत होते. दर वळणावर चुन्यानं रंगवलेला क्रूस, त्याला झेंडूचा हार. कौलारू घरांच्या मधूनच कुणा बिल्डरचा बंगला. त्यांचे वडील इथं वालाच्या शेंगा आणि मुळा पिकवायचे, आई डोक्यावरून बोरिवलीच्या बाजारात न्यायची. भाजीच्या त्या पाटीवर शिकून पोरगा सेमिनरीत गेला, फादर झाला, आमच्या उजाड तालुक्यात आला, आणि पुढं तिथलाच बिशप. बिशप झाल्यावर लोकांनी नवं घर बांधायला घेतलं, तर यांनी ते मुलींच्या वसतिगृहाला देऊन टाकलं आणि स्वतः कार्यालयामागच्या खोलीत राहिले. पंचाहत्तरीला नियमाप्रमाणे राजीनामा दिला. आता अंधेरीला वृद्ध धर्मगुरूंच्या घरात एका कॉटवर असतात.

मला सगळ्यात जास्त आठवतो तो पोळा. पहिल्या वर्षी गावकरी भीत भीत विचारायला आले, बैलांना कुंकू लावलं तर चालेल का. बिशप म्हणाले, तुम्ही कुंकू लावा, मी पाणी शिंपडतो. आणि शिंपडलं. इतका मोकळा पाद्री मी पाहिला नव्हता. हे शहाणपण कुठून आलं, असं मी तेव्हा विचारलं होतं. त्यांनी विषय बदलला होता.

उत्तर त्या दिवशी मिळालं, बहिणीच्या अंगणाच्या अलीकडे. बिशप थांबले आणि पायांकडे बघत एका दमात सांगून मोकळे झाले.

इथल्या ख्रिस्ती लोकांत लग्नाच्या आदल्या दिवशी वाजतगाजत विहिरीवर जातात. काठाला उंबर असतो. नवरीच्या भावानं पहिली कळशी काढायची, आणि त्या पाण्यानं नवरीला आंघोळ. त्याला म्हणतात उंबराचं पाणी. आंद्रू नुकते फादर झाले होते, सत्तावीस वर्षांचे, पुस्तकं डोक्यात चढलेली. त्यांनी भर प्रार्थनेत सांगितलं, की झाडाला आणि विहिरीला पुजणं आपलं नव्हे, हे बंद करा. त्याच आठवड्यात बहिणीचं, नातालबायचं लग्न. आई रडली, वडिलांनी हात जोडले. नवरीचा भाऊ म्हणजे हे स्वतः, विहिरीवर गेलेच नाहीत. नातालबाय साध्या पाण्यानं न्हाऊन गावातल्याच सासरी गेली, आणि तिथं जन्मभर 'बिनपाण्याची नवरी' म्हणून टोमणे ऐकत राहिली. गावानं फादरचं ऐकलं नाही. रिवाज तसाच चालू राहिला. कोरडी राहिली ती फक्त त्यांची बहीण.

"तेव्हापासून मला ती फादरच म्हणायची," ते म्हणाले. "बिशप झाल्यापासून बिशप म्हणते. नावानं नाही, नात्यानं नाही."

नातालबाय त्र्याहत्तरच्या, लाल लुगड्यातल्या, काटक. त्यांनी बिशपांना ओसरीतली सर्वांत चांगली खुर्ची दिली, काचेच्या ताटात वाढलं. बाटलीतल्या मसाल्याचं (घरोघरी उन्हाळ्यात कुटून काळ्या बाटल्यांत दाबून भरतात तो) कोंबडीचं कालवण आणि फुगे, म्हणजे तळलेले गोल, पोकळ पाव. मी सहा फुगे खाल्ले. बिशपांनी एक खाल्ला. पाहुण्याचा इतका मान ठेवून एखाद्याला परकं करता येतं, हे मी त्या घरात पाहिलं. मला त्या बाईचा राग आला, आणि लगेच स्वतःच्या रागाची लाजही वाटली.

नवरीला, शेरलला, भाऊ नव्हता. एक चुलतभाऊ कळशी काढणार असं ठरलं होतं. जेवण झाल्यावर बिशप उठून बहिणीपुढं उभे राहिले. चूक झाली, मला माफ कर, असं म्हणाले. नातालबायनं ताट उचललं आणि आत जाता जाता म्हटलं, "माफी देवलान माग. विहिरीवर पानी काढतान."

माफी देवळात, विहिरीवर फक्त पाणी: हे हो की नाही, कुणालाच कळेना. बिशपांना मात्र कळलं. त्यांनी झग्याच्या बाह्या वर सारल्या.

पाच वाजता घुमट (चामडं ताणलेलं मातीचं वाद्य) वाजायला लागलं. बायका लुगडी नेसून पुढं, पुरुष नाचत मागं. विहिरीच्या काठावर विडा ठेवला, उंबराला हार घातला. चुलतभाऊ आपण होऊन बाजूला झाला. एकोणऐंशी वर्षांच्या माणसानं दोर हातात घेतला, तेव्हा मी पुढं झालो, त्यांनी मला कोपरानं ढकललं. पहिली कळशी अर्ध्यावर आली आणि दोर निसटला. कुणी हसलं नाही. दुसऱ्यांदा त्यांनी दोर मनगटाला गुंडाळून ओढला. भरलेली कळशी काठावर आली तेव्हा त्यांच्या तळहाताची साल निघाली होती. कळशी खांद्यावर घेऊन ते घरापर्यंत चालत आले. वाटेत दोनदा थांबले, पण ती खाली ठेवली नाही.

अंगणात पाट मांडला होता. शेरल हळद लावून तयार होती. ती बसणार तोच नातालबाय पुढं आल्या, नातीला बाजूला केलं आणि स्वतः त्या पाटावर बसल्या. पदर खांद्यावर घट्ट घेतला, डोळे मिटले.

"पयला तांब्या माना," त्या स्वतःकडे बोट करून म्हणाल्या. "पोरीला मंग."

बिशपांनी पहिला तांब्या ओतला, त्यातलं निम्मं पाणी त्यांच्याच झग्यावर सांडलं. दुसऱ्या तांब्याला ते रडत होते, तिसऱ्याला बायका रडत होत्या. नातालबाय रडल्या नाहीत. उठून त्यांनी लुगड्याचा पदर पिळला, भावाचा सोललेला हात बघितला आणि हळद आणायला सांगितली. "दादूस, नीट बस," म्हणाल्या. दादूस म्हणजे मोठा भाऊ. एवढं मला कुणी सांगावं लागलं नाही.

लग्न दुसऱ्या दिवशी झालं. मिस्सा, म्हणजे लग्नाची प्रार्थना, बिशपांनीच म्हटली, हाताला हळदीचं फडकं बांधून. संध्याकाळच्या बोटीनं मी एकटाच परतलो. त्यांना नातालबायनं ठेवून घेतलं होतं. बोटीत मला वाटत राहिलं, की त्यांनी पन्नास वर्षं लोकांचे कबुलीजबाब ऐकले, प्रत्येकाला प्रायश्चित्त सांगितलं, आणि त्यांचं स्वतःचं सांगायला मात्र धाकटी बहीणच लागली. माणूस मोठा आहे हे मी आधीपासून जाणून होतो. तो केवढा मोठा आहे, ते त्यांच्या रिकाम्या कळशीत कळलं.

घरी बायकोनं विचारलं, एवढे मुंबईला गेलात, काय पाहिलंत? म्हटलं, बिशपांना आपल्या म्हाताऱ्या बहिणीच्या डोक्यावर पाणी ओतताना पाहिलं.

"म्हणजे बाप्तिस्मा का हो?"

"नाही गं. लग्नाची आंघोळ. बावन्न वर्षं राहून गेलेली."